बांध कोणी ठरवायचा: तहसीलदारांनी, मोजणीदाराने की दिवाणी न्यायालयाने?

प्रश्न थोडक्यात असा आहे. दक्षिण सोलापूर तालुक्यातल्या एका गावात वडिलांची साडेचार एकर कोरडवाहू जमीन. शेजारी दरवर्षी नांगरटीच्या वेळी बांध कोरत आला. गेल्या वर्षी उरलासुरला बांधही ट्रॅक्टरने मोडला आणि यंदा त्या पट्ट्यात तूर पेरली. मोजणी आणली, मोजणीच्या नकाशाच्या 'क' प्रतीत सहा गुंठे अतिक्रमण दिसतं, पण शेजारी म्हणतो, ही मोजणी मला मान्य नाही. तलाठी तहसील दाखवतात, तहसील कार्यालय म्हणतं कोर्टात जा, पोलीस म्हणतात ही दिवाणी बाब आहे. शहरात पेठेतल्या काकांच्या घराचंही तेच रडगाणं: शेजारच्या नव्या बांधकामाने दोन घरांमधला बोळ खाल्ला. पुण्यात नोकरी करणारा मुलगा विचारतो आहे की असे वाद नेमक्या कोणत्या न्यायालयाने सोडवायचे, आणि गावातली जाणती माणसं म्हणतात तसे ते सरळ तहसीलदारांकडेच का देऊन टाकत नाहीत?

मी सत्तावीस वर्षं सोलापूरच्या जिल्हा न्यायालयात आणि आसपासच्या तालुका कोर्टांत दिवाणी कामं चालवतो आहे. त्यातली निम्मी तरी बांधाची. म्हणून माझं मत आधीच सांगतो. मालकी आणि ताबा यांचा शेवटचा शब्द तालुक्याच्या दिवाणी न्यायालयाचाच असला पाहिजे. पण त्या न्यायालयाने जमिनीची मोजणी दाव्याच्या शेवटी नाही, सुरुवातीला करून घेतली पाहिजे. आज नेमकं उलटं होतं, आणि माणसांची दहा-दहा वर्षं त्यात जातात.

तुम्हाला एक वाटतो तो वाद मुळात एक नाही. गटाची रेषा जमिनीवर कुठून जाते, हा एक प्रश्न. त्या रेषेच्या आतली जमीन कायद्याने कोणाची, हा दुसरा. आज ती कोण कसतो आणि त्याने ती कधी व कशी घेतली, हा तिसरा. वाट, पाणी, उजेड यांचे हक्क हा चौथा. या चौघांची दारं वेगळी आहेत. कार्यालयं तुम्हाला टोलवतात ती दरवेळी आळसानेच टोलवतात असं नाही. पुष्कळदा समोरच्या टेबलावर तुमच्या चारपैकी एकाच प्रश्नाचं उत्तर द्यायचा अधिकार असतो आणि तुम्ही मागता चारही. दुःख एवढंच, की कोणता प्रश्न कुठे न्यायचा हे तिथे कोणी बसून समजावत नाही.

रेषेपासून सुरू करू. रेषा भूमी अभिलेख खात्याची. 'हद्द कायम' मोजणीचा अर्ज तालुक्याच्या उप अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे करायचा. जुनी माणसं या कार्यालयाला अजून टीएलआर म्हणतात. मोजणीदार येतो तो गावचा नकाशा, टिपण, गुणाकार बुक, फाळणीबारा (ही सगळी जुन्या मोजणीची कागदपत्रं) आणि एकत्रीकरण योजनेचा, म्हणजे विखुरलेले तुकडे जोडून गट पाडले त्या योजनेचा, नकाशा घेऊन. सातबारावरचं क्षेत्र म्हणजे हद्द नव्हे. सातबारा सांगतो किती, नकाशा सांगतो कुठे. 'माझ्या उताऱ्यावर दीड हेक्टर आहे, मोजून द्या' असं म्हणणारे पक्षकार मला आठवड्याला एक तरी भेटतात. त्यांना मी आधी आकारबंद (गटाचं मूळ क्षेत्र आणि आकारणी यांची नोंद) आणि सातबारा शेजारी ठेवून बघायला सांगतो, कारण गटातल्या सगळ्या हिश्श्यांची बेरीज मूळ गटापेक्षा जास्त निघाल्याची कितीतरी उदाहरणं आपल्या जिल्ह्यात आहेत. तसं असेल तर शेजाऱ्याने एक वितही घेतलेली नसताना तुमचं क्षेत्र कमी भरतं.

तुमच्या 'क' प्रतीत पहिली गोष्ट ही तपासा: लगतच्या सगळ्या खातेदारांना नोटीस गेली होती का, आणि तिची पोच फाईलमध्ये आहे का? नोटिशीविना झालेल्या मोजणीची कोर्टात फार किंमत राहत नाही. नोटीस गेली असेल तर 'मला मान्य नाही' या शब्दांना काही अर्थ नाही. मान्य नसेल तर शेजाऱ्याने निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागायची. ती वरचा अधिकारी करतो, आणि तीही पटली नाही तर जिल्हा अधीक्षकांकडे सुपर निमताना. त्याने यातलं काहीच केलं नसेल तर हा मुद्दा तुमच्या बाजूने जातो.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिच्या कलम १३५ ने सर्व्हे नंबर आणि हिश्श्यांच्या हद्दीचे वाद जिल्हाधिकाऱ्यांच्या अधिकारात दिले आहेत. हद्द अशी रीतसर ठरली की कलम १३८ खाली चुकीच्या बाजूला बसलेल्या खातेदाराला तिथून काढताही येतं. हे कलम वाचून कोणीतरी तुमच्या गावकऱ्यांना सांगितलं असणार की कोर्टाची गरजच नाही. पण याच कलमात बाहेर काढलेल्या माणसाला एका वर्षात दिवाणी न्यायालयात मालकीचा दावा आणायची मोकळीक ठेवली आहे. कायदा करणाऱ्यांनाही ठाऊक होतं की रेषा आखणं वेगळं आणि हक्क ठरवणं वेगळं. आणि तुम्ही आणली ती नुसती मोजणी आहे, कलम १३५ खालचा चौकशी करून दिलेला निर्णय नाही. मोजणीदाराला कोणाला हलवायचा अधिकार नसतो. तो फक्त खुणा दाखवतो.

वाट आणि पाणी तहसीलदारांकडे, आणि ही सोय चांगली आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ चा; मामलेदार म्हणजे आजचे तहसीलदार. त्याच्या कलम ५ खाली शेतात जाणारी वहिवाटीची वाट कोणी अडवली, किंवा पावसाचं वाहतं पाणी अडवून तुमच्या रानात तुंबवलं, तर तहसीलदार अडथळा काढायला लावू शकतात. शेतजमिनीचा ताबा कायद्याची रीत सोडून कोणी घेतला असेल तर तोही परत देऊ शकतात. अट एकच: घटनेपासून सहा महिन्यांच्या आत अर्ज. आधी वाटच नव्हती आणि बांधावरून नवी हवी असेल तर जमीन महसूल संहितेचं कलम १४३. या दोन अर्जांची सरमिसळ करणारे पुष्कळ. जुनी वाट अडवली म्हणून यायचं आणि अर्ज १४३ चा टाकायचा, मग वर्षभराने तो याच कारणावर फेटाळला जातो.

सहा महिन्यांची हीच मुदत दिवाणी न्यायालयातही आहे. विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ याच्या कलम ६ खाली, बळजबरीने हटवल्यापासून सहा महिन्यांत दावा आणला तर न्यायालय मालकी विचारतच नाही. काल कसत कोण होता आणि त्याला उठवलं कोणी, एवढंच बघतं. त्या निकालावर अपीलही नाही. इतकं धारदार हत्यार असून ते फार थोडे वापरतात, कारण ते सहा महिने गावकीच्या बैठकांत, 'सुगीनंतर बघू' म्हणण्यात आणि कार्यालयांच्या फेऱ्यांत निघून जातात. तुमच्या प्रश्नात बांध 'गेल्या वर्षी' मोडला असं आहे. महिना मोजा. तूर पेरणीच्या वेळी पहिल्यांदा तुमच्या वडिलांना त्या पट्ट्यातून हटवलं असेल आणि त्याला सहा महिने व्हायचे असतील, तर माझं हे उत्तर वाचून झाल्यावर आजच वकिलाकडे जा.

मुदत गेली असली तरी हक्क गेलेला नाही. मालकीच्या जोरावर कब्जा मागायला मुदतीच्या कायद्याच्या अनुच्छेद ६५ प्रमाणे बारा वर्षं आहेत, शेजाऱ्याचा ताबा तुमच्या हक्काला आव्हान देणारा झाला तेव्हापासून. म्हणून 'दरवर्षी थोडा थोडा कोरला' हे वाक्य दाव्यात फार जपून लिहावं लागतं. कोणता पट्टा कधी गेला हे गोंधळलं, की शेजारी म्हणतो, हे तर पंधरा वर्षांपासून माझ्याकडेच आहे.

आता दिवाणी दाव्याचं. तुमच्या भागातला दावा सोलापूरलाच, दिवाणी न्यायाधीशांसमोर चालेल. शेतजमिनीच्या दाव्याची किंमत साधारणपणे बाजारभावावर नाही, आकारणीच्या, म्हणजे शेतसाऱ्याच्या, पटीत धरतात, त्यामुळे असे बहुतेक दावे कनिष्ठ स्तरावरच सुरू होतात आणि कोर्ट फीही लोकांना वाटते तेवढी जड पडत नाही. 

तुम्हाला एका वकिलांनी नुसता मनाईचा दावा सुचवला असेल, तर तो तुमच्यासाठी पुरेसा नाही. मनाई मागतो तो ताब्यात असलेला माणूस. पट्टा आज शेजारी कसतो आहे. मग मनाई कशाची करायची? सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये अनाथुला सुधाकर प्रकरणात हे उलगडून सांगितलं आहे: ताबा असेल आणि मालकीवर गंभीर वाद नसेल तर मनाई पुरते, ताबा गेला असेल तर कब्जाच मागावा लागतो, मालकीवरच सावट असेल तर ती ठरवूनही मागावी लागते. तरी जिल्ह्यातल्या प्रत्येक कोर्टात 'कायम मनाई'चे छापील साच्यातले दावे पडून आहेत. त्यातले कित्येक आठ-दहा वर्षांनी, कब्जा मागितला नाही म्हणून फेटाळले जातात. तुमच्या दाव्यात अतिक्रमण काढून कब्जा, पुढे हरकत न करण्याची मनाई, आणि मालकी नाकारली असेल तर तिचा ठराव, असं एकत्र हवं. दाव्यासोबत नकाशा हवा आणि त्यात तो सहा गुंठ्यांचा पट्टा अक्षरं घालून वेगळा दाखवलेला हवा. 'पूर्वेकडील सुमारे सहा गुंठे' असं मोघम लिहून हुकूमनामा मिळालाच, तर दरखास्तीच्या, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या, वेळी बेलीफ रानात उभा राहून विचारतो, कब्जा नेमका कुठून कुठपर्यंत द्यायचा?

मला सगळ्यात जास्त बोलायचं आहे ते इथे. सीनाकाठच्या एका गावातला दावा मी वादीच्या बाजूने चालवला. वादी सत्तरीचे, सरळ माणूस. बांधावरची बाभळ आजोबांनी लावलेली, ती आता शेजाऱ्याच्या रानात गेली, एवढंच ते सांगायचे. दावा दाखल झाला, निशाणी ५ च्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या, अर्जावर वर्ष गेलं, त्यावर अपिलात आणखी दोन. मग पुरावा. साक्षीदारांनी बांध कुठे होता हे शपथेवर सांगितलं, आमच्यांनी एक जागा, त्यांच्यांनी दुसरी. शेवटच्या युक्तिवादाच्या तोंडावर कोर्ट कमिशन निघालं. भूमी अभिलेखचा माणूस आला, दोन्ही गट एकाच दिवशी मोजले. बाभळ आमच्याच हद्दीत निघाली. पण खालच्या कोपऱ्यात आमचाच बांध दीड गुंठा शेजाऱ्याच्या रानात होता. कोणी लबाडी केली नव्हती. जुना दगड कधीतरी पुरात गेला आणि दोघांनीही अंदाजाने नांगर धरला. अकरा वर्षं चाललेला दावा त्या मोजणीनंतर दोन तारखांत मिटला. माझे वादी तोवर वारले होते. तडजोडीवर सही त्यांच्या मुलाने केली, आणि समोरच्या पक्षकाराने त्याच्या खांद्यावर हात ठेवला तेव्हा मला कोर्टात उभं राहवेना. ती मोजणी पहिल्या वर्षी झाली असती तर हे दोघे म्हातारे पुन्हा एकमेकांच्या बांधावर बसले असते.

दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २६ नियम ९ यासाठीच आहे. न्यायालय जागेची पाहणी करायला कमिशनर नेमू शकतं. त्यावर ठराविक हरकत येते की कमिशन हे पुरावा गोळा करण्याचं साधन नाही. ताबा कोणाचा हे शोधायला कमिशन मागितलं तर ती हरकत रास्त आहे. पण दोन लगतच्या जमिनींत अतिक्रमण आहे की नाही, हे मोजल्याशिवाय कोणत्या साक्षीदाराने सांगायचं? हरियाणा वक्फ बोर्ड प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा वादात हद्द दाखवायला कमिशनर नेमायला हवा होता असंच म्हटलं. शेजाऱ्याची कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दाखल झाली, त्याने अतिक्रमण नाकारलं, की लगेच अर्ज द्या: भूमी अभिलेखच्या अधिकाऱ्याला कमिशनर नेमा आणि दोन्ही गट मूळ अभिलेखावरून मोजायला सांगा. फक्त तुमचाच गट मोजलेला अहवाल उलटतपासात टिकत नाही. आणि तो अहवाल आपल्या विरुद्ध गेला तर? जाऊ द्या. दहा वर्षांनी कळण्यापेक्षा आज कळलेलं बरं. हे पक्षकाराला पटवायला मला अजूनही कष्ट पडतात.

तर मग हे सगळं तहसीलदारांकडेच का नको? जवळ, स्वस्त, तिथे वकीलही लागेलच असं नाही, हे खरं आहे. पण तहसीलदारांच्या टेबलावर टंचाई, पंचनामे, निवडणुका आणि वाळू एकाच वेळी असतात. बदली झाली की अर्धवट ऐकलेलं प्रकरण नव्या अधिकाऱ्यासमोर पुन्हा पहिल्यापासून. त्यांच्या आदेशावर प्रांत, मग अपर जिल्हाधिकारी, मग पुण्याला अपर आयुक्त, कधी थेट मंत्रालय, आणि एवढी शिडी चढून वर गेल्यावरही मालकी ठरलेलीच नसते. ती ठरवायला पुन्हा दिवाणी कोर्टाची पहिली पायरी. मामलेदार कायद्यातल्या आदेशालाही दिवाणी हुकूमनाम्यापुढे मान वाकवावी लागते. खरेदीखत खरं की खोटं, वाटणी झाली की नाही, बारा वर्षांचा ताबा उघड होता की परवानगीने, हे उलटतपासाशिवाय कळत नाही. तो ऐकायला शिकलेला, बदलीने वा फोनने न हलणारा माणूस समोर हवा. गरिबाला त्याची जास्त गरज आहे. गावात वजन असतं ते शेजाऱ्याचं, तुमच्या वडिलांचं नाही, असं तुम्हीच लिहिलं आहे.

एका गोष्टीत मात्र दिवाणी न्यायालयाचं दार खरोखर बंद आहे. एकत्रीकरण योजना करतानाच गटाचा नकाशा किंवा क्षेत्र चुकलं असेल, तर १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याच्या कलम ३६-अ मुळे तो प्रश्न भूमी अभिलेखच्या अधिकाऱ्यांकडेच जातो. आणि तिथेही, कित्येक दशकांनी योजनेत हात घालायला उच्च न्यायालयाने वेळोवेळी नकार दिला आहे. कूळ असल्याचा मुद्दा निघाला तर तोही महसुलाकडे.

पोलिसांचं थोडक्यात. मारहाण झाली, पीक कापून नेलं, घरात घुसले, तर गुन्हा नोंदवाच. हाणामारीची वेळ आली तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली कार्यकारी दंडाधिकारी तूर्त ताबा कोणाचा ते ठरवतात. जुन्या फौजदारी संहितेतलं कलम १४५ तेच हे. पण तो आदेश शांततेसाठी असतो, बांधासाठी नाही. पोलीस ठाण्यात बसून लिहिलेल्या तडजोडीवर एक फूटही जमीन कायमची इकडची तिकडे होत नाही.

काकांच्या घराचं गणित निराळं आहे आणि तिथे घाई जास्त. आपल्या पेठांतली जुनी माळवदाची घरं भिंतीला भिंत लावून उभी आहेत. सामाईक भिंत, बोळ, पन्हाळीचं पाणी कोणाच्या अंगणात पडतं, हे सगळं वहिवाटीवर चाललेलं. तिथे सातबारा नाही, नगर भूमापनाचं प्रॉपर्टी कार्ड, सनद आणि चौकशी नोंदवही बघायची. बोळ कार्डावर कोणाच्या क्षेत्रात धरला आहे की सामाईक दाखवला आहे, यावर निम्मा दावा ठरतो. महापालिकेकडे तक्रार करा, सामासिक अंतर (इमारतीभोवती सोडायची मोकळी जागा) सोडलं नसेल किंवा परवानगीबाहेर बांधलं असेल तर ती तिची जबाबदारी आहे. पण बोळ कोणाचा, हे महापालिका ठरवत नाही. बांधकाम परवानगी म्हणजे मालकीचा दाखला नव्हे. वीस वर्षं अखंड मिळत आलेला उजेड आणि वारा हाही सुविधाधिकार कायद्याने हक्क होतो, मात्र खिडकी भिंतीने झाकली गेल्यावर हातावर हात ठेवून बसलात तर तो निसटतो. पाया खणत असताना निशाणी ५ वर मिळालेली मनाई आणि स्लॅब पडल्यावर मागितलेलं पाडकाम यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. दुसऱ्या वेळी न्यायालय पाडण्याऐवजी भरपाईकडेही झुकू शकतं. आज काम कुठवर आलं आहे त्याचे तारखेसह फोटो काढून ठेवा.

तडजोडीला मी कधी कमीपणाचं मानत नाही. लोकअदालतीत मिटलं तर तो निवाडा हुकूमनाम्याइतकाच, त्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. दोघेही एकमेकांच्या गटात बारा वर्षांपासून कसत असाल, तर राज्य शासनाची २०२३ ची सलोखा योजना आहे. एक हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि एक हजार नोंदणी फी भरून अदलाबदल दस्त होतो. योजनेची मुदत दुय्यम निबंधकांकडे विचारून घ्या. मात्र कुठलीही तडजोड तोंडी ठेवू नका. तंटामुक्त समितीत ठरलं तरी मोजणीदार बोलावून दगड रोवून घ्या आणि तो नकाशा तडजोडपत्राला जोडा. नकाशाविना झालेल्या तडजोडीचा दावा पुढची पिढी माझ्याकडे घेऊन येते.

दावा लांबेल ही भीती खोटी नाही. पण आता दुसऱ्या अपिलासाठी सोलापूरकराला मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच आपल्या जिल्ह्यासाठी सुरू झालं आहे.

तुम्ही पुण्याहून एका शनिवार-रविवारच्या आधी शुक्रवारची रजा काढून या. भूमी अभिलेख कार्यालयातून मोजणीच्या संपूर्ण फाईलची नक्कल मागा, नोटिशींच्या पोचांसह. दोन्ही गटांचे जुने सातबारे, फेरफार, एकत्रीकरणाचा उतारा आणि वडिलांचं खरेदीखत किंवा वाटणीपत्र जमवा. वडिलांना शांतपणे बसवून विचारा, कोणत्या वर्षी कोणता पट्टा गेला, तेव्हा रानात काय पेरलं होतं, सोबत कोण होतं. त्यांच्या शब्दांत वहीत लिहून ठेवा. आणि शेजाऱ्याला वकिलाची नोटीस जाण्याआधी एकदा स्वतः त्याच्या घरी जाऊन सांगा की निमताना मोजणी तूच माग, फी आम्ही निम्मी देतो.